चार मिलिमीटर

तोक्तोसुन, ही तुझी तिसरी बॅटरी.
नारीनच्या थंडीला शिव्या देऊन झाल्या,
बॅटरीवाल्याच्या सात पिढ्या झाल्या,
आता जरा गप्प बस आणि इंजिन बंद करू नकोस.

डॅशवरचा लाल दिवा बघ.
पेटला. विझला. परत पेटला.
डोलोनच्या चढावर हेडलाइट पिवळे पडतात म्हणालास,
रेडिओ ओळीच्या मध्येच मुका होतो,
वायपर गुडघेदुखीच्या म्हाताऱ्यासारखे उठतात,
आणि खड्डा लागला की सगळं आपोआप बरं.
हे महिन्यापूर्वी सांगितलं असतंस
तर दोन बॅटऱ्यांचे पैसे खिशात असते.

स्क्रूड्रायव्हरची मूठ उलटी धरून
अल्टरनेटरच्या पाठीवर एक टोला.
दिवा गेला. मीटरवर बाराचे चौदा.
असा बघू नकोस, मंत्र येत नाही मला.
आत कुणाचा तरी हात पोचत नव्हता,
ढकलला इतकंच.

आता बंद कर.
मागचे दोन स्क्रू, बस.
रेग्युलेटर हातात आला, त्यातून डोकावणारे
हे दोन काळे ठोकळे. कार्बन. ब्रश म्हणतात, केस एकही नाही.

आत एक लोखंडी गाभा गरगरतो, मिनिटाला सहा-सात हजार.
त्याला चुंबक व्हायला वीज लागते,
आणि फिरणाऱ्याला तार बांधावी कशी?
पिळून पिळून तुटेल.
म्हणून त्याच्या दांड्यावर तांब्याच्या दोन कड्या,
कड्यांवर टेकलेले हे दोघे,
आणि मागून स्प्रिंगचा तगादा: टेक, टेकून राहा.
एकातून वीज आत, दुसऱ्यातून बाहेर.
तीन-चार अँपियर. चिमूटभर.
त्या चिमटीवर तुझे दिवे, तुझा हीटर, तुझं रडकं गाणं.

कार्बन मऊ, तांबं कठीण.
पेन्सिल संपते तसा तो संपत जातो,
लिहून मात्र काही ठेवत नाही,
ही भुकटी तेवढी, नखात गेली की आठवडाभर निघत नाही.
नवा असतो बारा मिलिमीटर. हा चार.
हा दुसरा त्याहून कमी, वर तिरका,
शेपटीची तार ताणून संपलेली.
कडीवर नख फिरव, अडकतं ना? घळ पडलीय.

याला त्याग म्हणू नकोस.
तो शब्द माझ्या सासूचा, सुनांसाठी राखून ठेवलेला.
बनवणाऱ्याने साधा हिशेब केला:
कडी महाग, कार्बन स्वस्त,
घासायचंच आहे कुणाला तर स्वस्त ते घासू दे.
मीही हाच हिशेब केला असता.
तरी तुकडा तळहातावर आला
की मी दरवेळी थोडी थांबते.

नवा? दुकानात नाही. सोमवारी आला तर आला.
आणि पहाटे तुझी अयपेरी विमानतळावर उतरणार,
इस्तंबूलहून, सात वर्षांनी.

थांब इथेच. चहा घे.

...

आपल्या वॉशिंग मशीनच्या मोटरमध्येही
यांचेच दोन भाऊ असतात, अंगाने जाड.
पॉलिश पेपरवर घासून बारीक केले, आठ बाय पाच,
खोबणीत सरकतात का पाहिलं,
तार डागली. फुंकर मारली.
कडीची घळ जमेल तेवढी पुसली.
सोमवारपर्यंत चालेल. कदाचित पुढच्या हिवाळ्यापर्यंतही,
सांगता येत नाही, हे साबणाच्या फेसात वाढलेले.

लाव स्टार्टर.
चौदा पॉइंट दोन.

वाटेत लाल दिवा लागलाच
तर गाडी बाजूला घे आणि ठोक. हळू.
तो जागेवरच असेल.

पैसे राहू देत.
घरी सहा माणसांचे कपडे आहेत
आणि बादलीवर बर्फाचा पापुद्रा.
बिश्केकहून साबण आण, तोक्तोसुन.
मोठी वडी. दोन आण.